वास्कोचं विमान संग्रहालय: जाच, पण टॅक्सीने नको

गोव्यात वास्कोजवळच्या दाबोळी विमानतळावर दुसऱ्या महायुद्धातली धावपट्टी बघायला मिळते असा मेसेज फिरतोय, तो साफ चुकीचा आहे. महायुद्धात ब्रिटिशांचा हवाईतळ होता तो मुंबईत सांताक्रूझला, दाबोळी पोर्तुगीजांनी १९५५ ला सुरू केलं. आणि धावपट्टी बघायला मिळतच नाही, आयएनएस हंसा हा चालू नौदल तळ आहे, कंपाउंडबाहेरून फोटो काढायच्या भानगडीतही पडू नका. बघायचं ते बोगमाळो रोडवरचं नौदलाचं संग्रहालय, १९९८ चं. सोमवारी बंद.

आता टॅक्सी. रत्नागिरीहून मांडवी एक्सप्रेसने मडगाव, पुढे वास्को, इथपर्यंत काही त्रास नाही. वास्कोत सहा-सात किलोमीटरला नऊशे सांगितले! का तर म्हणे येताना रिकामं यावं लागतं. अर्धा तास घासाघीस केली, एक रुपया कमी नाही, आणि बाकीचे चार जण तोच आकडा सांगत उभे. सरळ लूट आहे ही. बस स्टँडवर बोगमाळोची मिनीबस धरा नाहीतर पिवळ्या-काळ्या बाईकवाला पायलट (म्हणजे बाईक टॅक्सी) करा, भाडं आधी ठरवून. चालत जायचा विचार असेल तर पठारावर सावली नाही, दुपारी डोकं फिरतं.

आत गेल्यावर मात्र सगळा राग गेला. तीन शेपट्यांचं सुपर कॉन्स्टेलेशन हे मोठं प्रवासी विमान समोर उभं आहे, आधी एअर इंडियाचं, मग हवाईदलाचं, मग नौदलाचं. गोवा मुक्तीच्या कारवाईत १८ डिसेंबर १९६१ ला आपल्या कॅनबेरा बॉम्बफेकी विमानांनी ह्याच दाबोळीची धावपट्टी फोडली, तरी रात्री पोर्तुगीजांनी खड्डे बुजवून उरलेल्या तुकड्यावरून दोन प्रवासी विमानं कराचीला पळवली, त्यातलं एक सुपर कॉन्स्टेलेशनच होतं. हे वाचून जा, मग त्या विमानाखाली उभं राहण्यात खरी मजा आहे. १९७१ च्या युद्धात विक्रांत युद्धनौकेवरून चितगाव, कॉक्स बाजारवर गेलेली सी हॉक आणि अलिझे ही दोन्ही जातीची विमानंही आहेत, सी हॅरियर आहे. आतल्या गॅलऱ्या अर्ध्या तासात उरकतात.

पण विमानं उघड्यावर आहेत आणि समुद्र जवळ. खारा वारा अॅल्युमिनियमला खातो, रिव्हेटच्या भोवती रंग फुगलाय, बोट लावलं तर पापुद्रा निघेल असा (लावू नका). रंगाचे हात मारून हे थांबत नाही, वर छप्परच पाहिजे. सगळ्या विमानांना जमत नसेल तर निदान शॉर्ट सीलँड ह्या विमानाला तरी घाला, १९५३ ला नौदलाचं पहिलं विमान म्हणून आलं ते ह्याच जातीचं आणि जगात मोजकीच उरलीत. तिथल्या अभिप्राय वहीत हे लिहून आलोय, तुम्ही गेलात की तुम्हीपण लिहा, जितके जास्त लिहितील तेवढं बरं.

बोगमाळोचा बीच छान, मासे ताजे.

पावसाळ्यात जाऊ नका, सगळं बाहेरच आहे. सकाळी उघडताच पोचा, अकरानंतर पत्रा इतका तापतो की जवळ उभं राहवत नाही.