लाँग बिएन पुलाखालची फिल्म आणि तिचे कागद

मी व्हिएतनाममध्ये हनोईत नोकरी करते. इथली माझी एक मैत्रीण डॉक्युमेंट्री बनवते, कॅमेरा तीच, साउंड तीच, पैसेही तिचेच. मला ती 'चि' म्हणते, म्हणजे ताई, मग नाही म्हणायची सोयच उरत नाही. शूटिंगला मी नुसत्या बॅगा उचलल्या पण फिल्म बाहेरच्या फेस्टिवलला पाठवायचं ठरलं तेव्हा कागदपत्रं माझ्या गळ्यात पडली.

लाँग बिएन हा फ्रेंचांनी १९०२ मध्ये पुरा केलेला लोखंडी पूल. वर टुरिस्ट फोटो काढतात आणि खाली रेड रिव्हरवर पिंपांच्या आधाराने तरंगणारी पत्र्याची घरं, भंगार वेचणारी, बाजारात हमाली करणारी माणसं. सप्टेंबर २०२४ मध्ये यागी वादळानंतर नदी फुगली तेव्हा हे लोक थोडे दिवस बातम्यांत दिसले, नंतर कोणी विचारलं नाही. हिची फिल्म तिथून पुढची.

इथे परवाना न घेता फिल्म परदेशी फेस्टिवलला पाठवली की दंड बसतो. २०१९ मध्ये 'रॉम' या फिल्मला दक्षिण कोरियातल्या बुसान फेस्टिवलला बक्षीस मिळालं, तरी ४ कोटी डाँग दंड भरावाच लागला (घाबरू नका, आपले साधारण सव्वा लाख). २०२३ पासून नवा कायदा आहे, त्यात फिल्मला वयाप्रमाणे टी १३, टी १६ असा शिक्का मिळतो आणि 'सी' म्हणजे दाखवायला बंदी, तो मिळाला तर विषय संपला.

पण खरी अडचण रिलीज फॉर्मवर आली, म्हणजे फिल्ममध्ये दिसणाऱ्या माणसाच्या लेखी होकारावर, त्यात ओळखपत्राचा नंबर टाकायचा रकाना आणि आमच्या फिल्ममधल्या आजींकडे एकही धड कागद नाही! नदीवरच्या बऱ्याच जणांची हनोईत नोंदच नाही, पोरांच्या शाळेलाही त्याचाच त्रास, आणि फिल्म तर त्यावरच आहे. शेवटी मैत्रिणीने फॉर्म आजींना मोठ्याने वाचून दाखवला, त्यांचा होकार कॅमेऱ्यात घेतला, वर अंगठा. आजींनी आधी विचारलं, "माझं घर पडकं दिसतंय का त्यात?" मग लॅपटॉपवर सगळी फिल्म बघितली आणि एक भांडण काढायला लावलं. काढलं.

दुसरं लफडं गाण्याचं. शेजारी संध्याकाळी स्पीकर लावून कराओके गातात, तेही जुनी रडकी बोलेरो गाणी, आणि आमच्या सगळ्यात भारी सीनमध्ये मागे तेच चालू. हक्क कोणाकडे ते शोधून शोधून थकलो, परवडलंही नसतं, मग सीन गाणं संपल्यावर सुरू केला. मला अजून पटलेलं नाही ते.

टी १३ मिळालं. तोवर त्या फेस्टिवलची तारीख गेली म्हणून दुसरीकडे पाठवलीय, बघू. कोणी असलं काही करत असेल तर होकार शूटिंगच्याच दिवशी घ्या आणि मागे गाणं वाजत असेल तर पाच मिनिटं बंद करायला सांगा, शेजारी चिडले तर चिडले.