पीएसपीवर गेमबॉय
रविवार सत्कारणी लागला! जुन्या पीएसपीत, म्हणजे सोनीच्या हातात धरून खेळायच्या गेमयंत्रात, कस्टम फर्मवेअर (हौशी मंडळींनी बदललेली मूळ प्रणाली) होतंच, आज त्यावर निंटेंडोच्या गेमबॉय ॲडव्हान्स या तसल्याच यंत्राचा एम्युलेटर (त्याची नक्कल करून त्याचे गेम चालवणारा प्रोग्रॅम) चढवला. सोनीच्या घरात निंटेंडोचा पाहुणचार!

खरी गंमत पडद्याची. ॲडव्हान्सचं चित्र २४० बाय १६० पिक्सेल, पीएसपीचा पडदा ४८० बाय २७२. दुप्पट केलं की रुंदी तंतोतंत बसते, पण उंचीत ४८ ओळी पडद्याबाहेर. मग एकतर मूळ आकारात, काळ्या चौकटीत डोळे फोडत बसा, नाहीतर प्रमाणात ताणा आणि अक्षरं धुरकट होऊ द्या. मी ताणलं. प्रोसेसर २२२ वरून ३३३ मेगाहर्ट्झवर नेला, तेव्हा आवाज अडखळायचा थांबला. बॅटरी मात्र भराभर उतरतेय. फ्रेम स्किप लावून (वेगासाठी मधली चित्रं गाळून) खेळणाऱ्यांना आपला कोपरापासून नमस्कार! चार्जर लावून बसलोय, आई जेवायला हाका मारतेय.