बेसलाइन कुठं धरलीस?

दोन वर्षं मी एका मोजणीदाराची गोष्ट लिहितेय. तो दुसऱ्या मितींमध्ये उतरतो आणि तिथले नकाशे करून आणतो. आठ प्रकरणं झाली तेव्हा बाड अण्णांकडे दिलं. अण्णा म्हणजे माझे वडील. भूमी अभिलेख खात्यातून भूकरमापक म्हणून निवृत्त झाले, आणि त्यांच्या लेखी 'मिती' म्हणजे कागदाच्या कोपऱ्यातली तारीख. चाळीसेक पानं वाचून त्यांनी चष्मा काढला.

"हा तिथं बेसलाइन कुठं धरतो?"

"अण्णा, ती दुसरी मिती आहे."

"असू दे की. पहिली लांबी कशावरनं घेतली? तुझा माणूस नुसता बघत फिरतोय."

राग आला. मग आठवलं, लहानपणी सुट्टीत त्यांच्याबरोबर मोजणीला जायचे तेव्हा सकाळभर काहीच घडायचं नाही. शंकू साखळी ताणायची, तेहेतीस फूट, सोळा आणे म्हणजे तिचे सोळा भाग. पुन्हा ताणायची. लगतचे खातेदार बांधावर उभे राहून एकमेकांकडे बघणार नाहीत याची काळजी घ्यायचे. माझ्या मोजणीदाराच्या आयुष्यात यातलं काही नव्हतं. तो दार उघडायचा आणि थक्क व्हायचा, बस.

म्हणून एप्रिलमध्ये हिंगणघाटला गेले. तिथं विल्यम लॅम्ब्टनची कबर आहे. हिंदुस्थानची त्रिकोणमितीय मोजणी सुरू करणारा हा माणूस हैदराबादेहून नागपूरकडे निघाला होता. २० जानेवारी १८२३ रोजी वाटेत हिंगणघाटला वारला. वय सत्तरीच्या आसपास. त्याच्या हाताखालचा एव्हरेस्ट पुढं शिखरावर जाऊन बसला, म्हणजे नावाने.

नागपुरात आधी झिरो माइलला थांबले. चार घोडे, खांब, सेल्फी. देशाचा मध्यबिंदू म्हणून सगळे बघतात. शेजारचा १९०७ चा दगड मात्र उंची मोजण्याची खूण आहे, त्याच्याकडे कुणी ढुंकूनही पाहत नाही. मी पाहिलं आणि एसटी पकडली.

वाटेत दोन्हीकडे काळी जमीन, कापूस कधीच निघालेला, नुसत्या पऱ्हाट्या. खिडकीतून येणारा वारा तव्यावरून आल्यासारखा. अशाच उन्हात, १८०२ च्या एप्रिल-मेमध्ये, लॅम्ब्टनने मद्रासजवळ सेंट थॉमस माउंटपाशी साडेसात मैलांची बेसलाइन मोजली. शंभर फुटी पोलादी साखळी. ती जमिनीवर टाकायची नाही, तिवयांवर ठेवलेल्या लाकडी पेट्यांमध्ये आडवी करायची, वर तंबूची सावली धरायची आणि शेजारी थर्मामीटर ठेवायचा. कारण पोलाद तापलं की लांबतं. दहा अंश सेल्सिअसचा फरक धरला तर बारा किलोमीटरमागे जवळपास दीड मीटर. अशा मोजक्या लांब्याच प्रत्यक्ष मोजायच्या. पुढं लांबलांबच्या खुणा जोडून त्रिकोण धरायचे आणि त्यांच्या बाजू कोनांवरून काढायच्या. म्हणजे इथं चूक झाली तर ती कन्याकुमारीपर्यंत चालत जाणार.

कोन मोजायला अर्ध्या टनाचा थिओडोलाइट होता. १८०८ मध्ये तंजावरच्या बृहदीश्वराच्या शिखरावर तो चढवताना दोर तुटला आणि यंत्र भिंतीवर आदळलं. तेव्हा तंजावरच्या गादीवर आपले सरफोजीराजे. कोन वाचायची वर्तुळाकार पट्टीच वाकली होती. लॅम्ब्टनने तंबू लावून घेतला आणि लाकडी चौकट, पाचरी, स्क्रू घेऊन सहा आठवडे ती पट्टी केसाकेसाने मूळ आकाराला ओढत बसला. माझ्या कादंबरीत अशी सहा आठवड्यांची जागाच नाही. असायला हवी.

आणि ज्याच्यासाठी मी हे सगळं लिहायला बसले ती गोष्ट पुढेच आहे. शाळेत शिकवतात की त्रिकोणाच्या तीन कोनांची बेरीज १८० अंश. लॅम्ब्टनच्या त्रिकोणांची तेवढी येत नाही, थोडी जास्त येते, कारण जमीन गोल आहे. सुमारे दोनशे चौरस किलोमीटरच्या त्रिकोणात एक सेकंद जास्त, म्हणजे अंशाचा ३६०० वा भाग. जमीन सोडून वर न जाता, नुसते कोन मोजून, आपण सपाटीवर नाही हे कळतं! सपाट कागदावर न मावणारी ती तिसरी मिती त्या एका सेकंदात बसलेली. माझ्या नायकाला मी उगीच दारं उघडून दिली. त्याने तिथं तीन खुणा रोवून कोनांची बेरीज करायला हवी होती.

हिंगणघाटला स्टँडबाहेर रिक्षावाल्याला म्हटलं, "इंग्रजाची कबर बघायचीय."

"कोन्या इंग्रजाची जी?"

"सगळा देश मोजणारा."

त्याने थोडा विचार केला. "मंग तहसीलीत पाहा ना. मोजनीचं सारं तठीच राह्यते."

शेवटी चहाच्या टपरीवरच्या एका म्हाताऱ्या बाबांना ठाऊक निघालं. रिक्षावाल्यालाही आता उत्सुकता वाटू लागली होती, तोही उतरून आत आला. कबरीचं वर्णन करत नाही. फोटो काढले, तेही ठेवून दिले. दुपारचा एक वाजला होता आणि माझ्या पिशवीत दहा मीटरची पोलादी टेप होती.

जवळच्या एका भिंतीच्या दोन कोपऱ्यांमधलं अंतर मोजायचं ठरवलं. टेप इतकी तापली की ओढणीने धरावी लागली. दुसरं टोक रिक्षावाल्याने धरलं. आठ मीटर एकेचाळीस सेंटिमीटर दोन मिलिमीटर. मग टपरीवर तीन ग्लास पाणी, दोन चहा, वर्तमानपत्राचं एकच पान तीनदा. ऊन उतरल्यावर, साडेसहाच्या सुमाराला, पुन्हा गेले. आठ मीटर एकेचाळीस सेंटिमीटर तीन मिलिमीटर. तापलेली टेप लांब झालेली, म्हणून दुपारचा आकडा कमी. जमलं! एक मिलिमीटर हातात आल्यावर इतका आनंद होईल असं वाटलं नव्हतं.

स्टँडवरूनच अण्णांना फोन लावला. सगळं ऐकून घेतलं त्यांनी.

"दुसरं टोक कुणी धरलं होतं?"

"दुपारी रिक्षावाल्याने. संध्याकाळी तो भाडं घेऊन गेला होता, मग टपरीवाल्याच्या मुलाने."

"म्हणजे ताण वेगळा."

मी गप्प.

"तो मुलगा केवढा?"

"असेल दहा-अकराचा."

पलीकडून बराच वेळ फक्त पंख्याचा आवाज येत होता.

"परतीची गाडी उद्या दुपारची ना?" अण्णा म्हणाले. "मग सकाळी जाऊन ये. टेप सावलीत ठेव, आणि दोन्ही वेळा एकच माणूस घे."