नझूलच्या पट्ट्याचे अपील : माझा अनुभव

विदर्भातल्या एका जिल्ह्याच्या ठिकाणी आमचे घर नझूलच्या जागेवर उभे आहे. जमीन शासनाची, घर आमचे आणि या दोहोंना जोडणारा 30 वर्षांचा भाडेपट्टा. तो आजोबांना 1957 साली मिळाला, 1987 साली वडिलांच्या नावे त्याचे नूतनीकरण झाले आणि 2017 साली त्याची मुदत संपली. वडील 2011 सालीच वारले होते. मुदत संपण्यापूर्वी आईने वारस या नात्याने, मृत्यूचा दाखला जोडून, नूतनीकरणाचा अर्ज दिला होता; मात्र मिळकत पत्रिकेवर, म्हणजे जागेचा धारक कोण हे दाखवणाऱ्या सरकारी नोंदीवर, वारस नोंद करून घेण्याचे आमच्याकडून राहून गेले. ही चूक आमची होती आणि पुढच्या बऱ्याचशा त्रासाचे मूळ तीच ठरली.

2019 साली एके दिवशी दारावर जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशाची प्रत डकवलेली आढळली. निवासी प्रयोजनासाठी दिलेल्या जागेचा वाणिज्यिक वापर केल्याने शर्तभंग झाला आहे, सबब पट्टा रद्द करून जागा सरकारजमा करण्यात येत आहे, असा तो आदेश होता. समोरच्या एका खोलीत आई पिठाची गिरणी चालवत असे, एवढाच तो वाणिज्यिक वापर. नोटीस देऊनही पट्टेदार हजर राहिले नाहीत, असेही त्यात नमूद होते. पट्टेदार म्हणजे माझे वडील.

एका परिचिताने थेट दिवाणी दावा लावण्याचा सल्ला दिला. परंतु शासनाविरुद्ध दावा लावण्यापूर्वी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 प्रमाणे दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते, आणि तेवढा अवधी आमच्या हाती नव्हता. आमच्या वकिलांनी महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 247 खाली विभागीय आयुक्तांकडे अपील करण्याचे ठरवले. जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशाविरुद्ध अपिलाची मुदत 90 दिवसांची असते. ती आदेश हाती पडल्याच्या दिवसापासून मोजली जाते आणि नक्कल मिळण्यात गेलेला काळ त्यातून वगळला जातो. म्हणून नकलेसाठी अर्ज केल्याची आणि नक्कल मिळाल्याची अशा दोन्ही तारखा मी जपून ठेवल्या.

अपील दाखल झाले म्हणजे आदेश आपोआप थांबतो, असा माझा समज होता आणि तो पूर्णपणे चुकीचा होता. स्थगितीसाठी वेगळा अर्ज करावा लागतो. आमच्या स्थगिती अर्जावर सुनावणीची तारीख लागण्यापूर्वीच जागा रिकामी करण्याची नोटीस आली, तेव्हा उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात रिट याचिका करण्यावाचून गत्यंतर उरले नाही. अपिलाचा मार्ग उपलब्ध असल्याने न्यायालयाने मूळ वादात लक्ष घातले नाही. स्थगिती अर्ज चार आठवड्यांत निकाली काढावा आणि तोवर ताबा घेऊ नये, एवढेच निर्देश दिले. आम्हाला तेवढेच हवे होते. त्या चार आठवड्यांत स्थगिती मिळाली.

खरे काम त्यानंतर सुरू झाले. तीन पिढ्यांची हकीकत मांडणारे सहा पानांचे टिपण मी मोठ्या तळमळीने लिहून नेले होते. वकिलांनी ते बाजूला ठेवले आणि मूळ नस्ती, म्हणजे कार्यालयातली प्रकरणाची फाइल, पाहून येण्यास सांगितले. माहितीच्या अधिकाराखाली 10 रुपयांचे तिकीट लावून मी अर्ज केला आणि नस्तीची पाहणी करून पानापानाच्या प्रती मागितल्या. त्या नस्तीत कारणे दाखवा नोटीस होती, 2018 सालची आणि वडिलांच्याच नावाची. तिच्या आधीच्या पानांवर आईचा 2017 सालचा अर्ज होता, आवक क्रमांकासह, आणि त्याला जोडलेला मृत्यूचा दाखलाही होता. म्हणजे पट्टेदार हयात नसल्याचे कार्यालयाला ठाऊक असताना नोटीस मृत व्यक्तीच्या नावे निघाली होती. पुढे स्थळपाहणीचा पंचनामा होता. त्यात संपूर्ण भूखंडाचा वापर वाणिज्यिक असल्याचे लिहिले होते. मोजमाप, नकाशा किंवा आमच्यापैकी कोणाची सही त्यावर नव्हती. त्या दुपारी नस्ती मिटताना माझे हात थरथरत होते, कारण इतके दिवस आम्ही ज्या आदेशापुढे हतबल झालो होतो, त्याचा आधार त्या दोन कागदांपलीकडे काहीही नव्हता.

करोनाच्या काळात सुनावण्या लांबल्या. अखेर 2022 साली युक्तिवाद झाला, तो जेमतेम वीस मिनिटांचा, आणि त्यात हेच दोन मुद्दे होते: वारसांना म्हणणे मांडण्याची संधी मिळाली नाही, आणि पंचनाम्यातून संपूर्ण भूखंडाचा शर्तभंग सिद्ध होत नाही. गिरणी नव्हतीच, असे आम्ही कोठेही म्हटले नाही. हे कबूल करावे की नाही यावर घरात वाद झाला होता. वकील मात्र ठाम होते आणि आज मला त्यांचेच बरोबर वाटते, कारण आमच्या उर्वरित म्हणण्यावर त्यामुळेच विश्वास बसला.

आदेश रद्द झाला आणि प्रकरण फेरचौकशीसाठी परत पाठवण्यात आले. नातेवाइकांना हा अर्धवट निकाल वाटला, पण आम्हाला जे मागायचे होते ते हेच होते. फेरचौकशीत आईच्या समक्ष मोजणी झाली. गिरणीच्या खोलीपुरता दंड आणि थकीत भुईभाडे आम्ही चलनाने भरले. त्यानंतर आधी वारस नोंदीचा फेरफार मंजूर करून घेतला, मिळकत पत्रिकेची नवी नक्कल हाती आल्यावर तीवरील आईचे नाव अक्षर अन् अक्षर तपासले, आणि मगच नव्या पट्ट्याचा दस्त नोंदवला.