हातात मावेल तेवढंच सामान : सिॲटलच्या जुन्या आशियाई वस्तीतली पायपीट

सिॲटलला मुलांकडे येणाऱ्या आई-बाबांना पहिल्या पंधरवड्यात जे दाखवलं जातं ते ठरलेलं असतं. स्पेस नीडल, पाइक प्लेसचा बाजार, स्नोक्वाल्मीचा धबधबा, जमलंच तर माउंट रेनियर. ते सगळं आम्हीही पाहिलं आणि छानच होतं. पण चार महिन्यांच्या मुक्कामात माझ्या मनात घर करून राहिली ती चायनाटाउन–इंटरनॅशनल डिस्ट्रिक्ट ही वस्ती. गाइडबरोबर मी तिथे दीडेक तास पायी फिरले. ती वस्ती इतकी घर करून राहिली, की दहा दिवसांनी मी पुन्हा गेले. तुमच्यापैकी जे येत्या उन्हाळ्यात येणार आहेत त्यांच्यासाठी सविस्तर लिहिते आहे.

फेरी निघते विंग ल्यूक संग्रहालयातून. पहिल्यांदा आम्ही मंगळवारी गेलो आणि दार बंद होतं, म्हणून आधी संकेतस्थळावर सुट्टीचा वार बघून घ्या. दोन गोष्टी वेगळ्या आहेत, त्यांची गल्लत करू नका. संग्रहालयाच्या तिकिटातच इमारतीतल्या जुन्या हॉटेलच्या खोल्या गाइडबरोबर बघायला मिळतात. एकट्याने तिथे जाता येत नाही, ठरावीक वेळांना गट जातो. रस्त्यावरून वस्ती दाखवणाऱ्या फेरीचं तिकीट निराळं असतं आणि जागा मोजक्या असतात, त्यामुळे नोंदणी आधीच करावी. माझा सल्ला असा, की दोन्ही करा आणि हॉटेल आधी बघा. त्या खोल्या बघितल्यावर बाहेरचे रस्ते कळायला लागतात.

ही इमारत, ईस्ट काँग यिक, 1910 सालची. 170 चिनी स्थलांतरितांनी वर्गणी काढून ती आणि शेजारची वेस्ट काँग यिक अशा दोन इमारती उभ्या केल्या. काँग यिक म्हणजे सर्वांचं हित. वॉशिंग्टन राज्याच्या 1889 च्या घटनेनुसार, नागरिक होण्याचा इरादा जाहीर न केलेल्या परदेशी माणसाला जमीन घेता येत नव्हती. आणि चिनी माणसाला तर नागरिकत्वच मिळत नव्हतं, मग इरादा कसला जाहीर करणार? म्हणून कंपनी काढून, पैसा एकत्र करून जागा उभी केली. ती बंदी राज्यातल्या मतदारांनी उठवली ती थेट 1966 मध्ये.

वरच्या मजल्यांवर एकट्या पुरुषांच्या खोल्या आहेत. एक लोखंडी कॉट, एक शेगडी, भिंतीला खुंट्या, पायथ्याशी ट्रंक. 1882 च्या कायद्याने चिनी मजुरांना अमेरिकेत यायला बंदी झाली, बायकामुलांना आणणं जवळपास अशक्य झालं, आणि माणसं वीस-वीस, तीस-तीस वर्षं अशा खोल्यांतून राहिली. पुढे जपानी आले, फिलिपिनो आले. उन्हाळ्यात अलास्काच्या मासळी डबाबंद करण्याच्या कारखान्यांत जायचं, हिवाळ्यात परतून इथे राहायचं. मला माझा मामा आठवला. लालबागच्या चाळीत कोकणातल्या नऊ जणांनी मिळून एक खोली घेतली होती. पाळीवर गेलेल्याच्या अंथरुणावर पाळीवरून आलेला निजायचा, आणि प्रत्येकाची मालमत्ता म्हणजे भिंतीशी रचलेली एकेक पत्र्याची ट्रंक. गाइड बाई सांगत होत्या तेव्हा मी त्या ट्रंकेकडेच बघत राहिले. मामाला निदान शिमग्याला गावी जाता येत होतं.

खालच्या मजल्यावर यिक फंग नावाचं जुनं दुकान जसंच्या तसं जपलं आहे. गल्ला, फळ्यांवरचे डबे, सगळं जिथल्या तिथे. इथे किराणा मिळायचा आणि मायदेशी जाणाऱ्या बोटीचं तिकीटही मिळायचं. थोडा वेळ काढून उभं राहण्यासारखी जागा आहे.

ज्यांच्या नावाने संग्रहालय आहे ते विंग ल्यूक लहानपणी चीनमधून आले. वडिलांचं कपडे धुण्याचं दुकान होतं. 1962 मध्ये ते सिॲटलच्या नगर परिषदेवर निवडून आले. अमेरिकेच्या या वायव्य भागात निवडून आलेले ते पहिले आशियाई. 1965 मध्ये विमान अपघातात गेले, आणि 1967 मध्ये लोकांनी त्यांच्या स्मरणार्थ हे संग्रहालय सुरू केलं. काँग यिक इमारतीत ते 2008 मध्ये आलं.

मग रस्त्यावर. साउथ किंग स्ट्रीटवर मोठी कमान आहे, फोटो सगळे तिथेच काढतात, पण तीही 2008 चीच, त्यामुळे तिथे फार रेंगाळू नका. शेजारच्या हिंग हे पार्कात निवांत बसावं. तिथला लाल-हिरवा मंडप तैवानहून आणलेला आहे आणि खाली आजोबा लोक पटावर डाव मांडून बसलेले असतात. हे अर्धा तास तिथेच रमले. भाषा कळत नव्हती, डाव मात्र कळत होता, असं त्यांचं म्हणणं.

पार्कात उभं राहूनच गाइड बाईंनी 7 फेब्रुवारी 1886 ची गोष्ट सांगितली. रविवार होता. जमाव चिनी घरांत शिरला, गाड्यांवर सामान लादलं आणि साडेतीनशेच्या आसपास माणसांना ढकलत धक्क्यावर नेलं. 'क्वीन ऑफ द पॅसिफिक' नावाची बोट लागली होती. तिच्यातून बरेचसे गेले, थोडे मागे राहिले आणि त्यांच्यापासून वस्ती पुन्हा सुरू झाली. ज्यांनी इथल्या रेल्वेचे रूळ टाकले, रस्ते खणले, तीच ही माणसं. आमच्या गटात बाराजण होतो. कोणी काही बोललं नाही.

"तुम्ही भारतातून का?" असं विचारून त्यांनी मला बेलिंगहॅमचं सांगितलं. सिॲटलच्या उत्तरेला, गाडीने दीड-दोन तासांवर. 4 सप्टेंबर 1907 च्या रात्री तिथल्या लाकूड गिरण्यांत काम करणाऱ्या, बहुतांश शीख असलेल्या भारतीय मजुरांना जमावाने मारहाण करून गावाबाहेर हाकललं. हे मला माहीत नव्हतं आणि आमच्या लेकीलाही नव्हतं. ती इथे अकरा वर्षं राहते आहे.

मला मात्र दुसरी एक गोष्ट ठाऊक होती आणि ती मी त्यांना सांगितली. मी शिरूर तालुक्यातली. आमच्या तालुक्यातल्या तळेगाव ढमढेरेचे विष्णू गणेश पिंगळे याच सिॲटलच्या वॉशिंग्टन विद्यापीठात अभियांत्रिकी शिकायला आले होते. अमेरिकेतल्या भारतीयांनी ब्रिटिशांविरुद्ध उभारलेल्या गदर चळवळीत उतरले, परत गेले, आणि 16 नोव्हेंबर 1915 रोजी लाहोरच्या तुरुंगात कर्तारसिंग सराभांबरोबर फासावर गेले. गदर चळवळीतलेच पांडुरंग खानखोजेही याच राज्याच्या पूर्व भागातल्या कृषी महाविद्यालयात शिकले. बाईंनी वही काढून दोन्ही नावं लिहून घेतली आणि स्पेलिंग विचारलं. शाळेत तीस वर्षं इतिहास शिकवून मला एवढं समाधान क्वचित मिळालं असेल. तुम्ही गेलात तर तुम्हीही सांगा.

मेनार्ड अव्हेन्यूवर ईस्टर्न हॉटेलची इमारत आहे. अलास्काच्या कारखान्यांत जाणारे फिलिपिनो कामगार इथे उतरत. त्यांच्यातलेच लेखक कार्लोस बुलोसान यांची आठवण इथे जपली आहे. त्याच कामगारांच्या संघटनेतले दोन तरुण नेते, सिल्मे डोमिंगो आणि जीन व्हिएर्नेस, यांचा 1 जून 1981 रोजी या वस्तीजवळच गोळ्या घालून खून झाला. पुढे अमेरिकेतल्या न्यायालयात फिलिपिन्सच्या मार्कोस राजवटीचा त्यात हात असल्याचं सिद्ध झालं. हा भाग फेरीत भरभर उरकतात. थांबवून विचारा, गाइड मनापासून सांगतात.

आता पनामा हॉटेल. या वस्तीत एकच गोष्ट बघायला वेळ असेल तर ही बघा.

टेकाडावर, मेन स्ट्रीटवर, विटांची साधी इमारत. तीही 1910 चीच, साब्रो ओझासा या जपानी वास्तुविशारदाने बांधलेली. तळघरात 'हाशिदाते-यु' नावाचं जपानी पद्धतीचं सार्वजनिक स्नानगृह होतं आणि ते अजून मूळ रूपात टिकून आहे. हा भाग तेव्हा निहोनमाची, म्हणजे जपानी वाडी. जपानशी युद्ध सुरू असताना 19 फेब्रुवारी 1942 रोजी राष्ट्राध्यक्ष रूझवेल्टनी आदेश क्रमांक 9066 काढला आणि पश्चिम किनाऱ्यावरच्या सगळ्या जपानी वंशाच्या लोकांना छावण्यांत नेण्यात आलं. देशभरात सुमारे 1,20,000 माणसं. त्यातले बहुतेक जन्माने अमेरिकी नागरिक. सिॲटलचे जवळपास 7,000 जण आधी प्युअलपच्या जत्रेच्या मैदानावर आणि मग आयडाहोतल्या मिनिडोका छावणीत गेले. बरोबर फक्त हातात उचलता येईल तेवढं सामान न्यायची परवानगी होती.

उरलेलं कुठे ठेवायचं? अनेकांनी ते पनामाच्या जपानी मालकाकडे तळघरात ठेवलं. युद्ध संपलं. काही परत आले आणि घेऊन गेले. काही आलेच नाहीत. त्यांच्या ट्रंका अजून तिथेच आहेत.

चहाघराच्या जमिनीत एक चौकोनी काच बसवली आहे. तिच्यातून खाली बघायचं. पेट्या, पिशव्या, टोपल्या. मी खुर्ची सोडून काचेपाशी खाली बसले. आम्ही दोघं भारतातून निघालो तेव्हा प्रत्येकी तेवीस किलोच्या दोन-दोन बॅगा होत्या, आणि तरी गोडा मसाला राहिला, नातवासाठी घेतलेला लाकडी भोवरा राहिला म्हणून मी विमानतळापर्यंत हळहळत होते. ज्यांनी खालची ती टोपली भरली त्यांना आठवड्याभरात सगळं घर निवडायचं होतं: काय न्यायचं, काय ठेवायचं, काय मिळेल त्या भावात विकायचं. जी वस्तू ठेवली ती परत येऊन घ्यायचीच म्हणून ठेवली असणार. एरवी कोण इतकं नीट दोरी बांधून ठेवतं?

1988 मध्ये अमेरिकी सरकारने कायदा करून माफी मागितली आणि हयात असलेल्या प्रत्येकाला वीस हजार डॉलर दिले. सेहेचाळीस वर्षांनी.

एक व्यावहारिक सूचना: तळघर सर्वांसाठी उघडं नसतं आणि चहाघराच्या वेळा बदलतात. निघण्याआधी फोन करून खात्री करा. आत गेल्यावर चहा घ्या, भिंतीवरचे फोटो बघा, मोठ्याने बोलू नका.

पनामाच्या वर डॅनी वू बाग आहे. 1975 पासून वस्तीतली वयस्कर मंडळी इथे नाममात्र भाड्यात टेकाडाच्या पायऱ्यांवर वाफे करतात. मी गेले तेव्हा एक चिनी आजी दुधीला मांडव घालत होत्या. मी हाताने खुणेने विचारलं, त्यांनी एक कोवळं पान तोडून दाखवलं. आमच्याकडे फळ खातात, त्या बहुधा पानंही खात असाव्यात. बागेला लागूनच कोबे टेरेस आहे; चेरीची झाडं आणि जपानमधल्या कोबे शहराने दिलेला दगडी दिवा. पलीकडे खाली महामार्ग धडधडत असतो. तो 1960 च्या दशकात थेट वस्ती कापून काढला. पुढच्या दशकात वस्तीच्या कडेला किंगडोम नावाचं प्रचंड क्रीडांगण आलं, त्याविरुद्ध इथले तरुण रस्त्यावर उतरले. आता नव्या रेल्वेमार्गाची कामं येऊ घातली आहेत, आणि 2023 मध्ये अमेरिकेतल्या सर्वांत धोक्यात आलेल्या अकरा ऐतिहासिक जागांच्या यादीत ही वस्ती होती. म्हणून म्हणते, जाऊन या, तिकीट काढून जा, तिथेच खा, तिथल्याच दुकानातून चार गोष्टी घ्या. फिरणाऱ्यांच्या पैशावरही ही दुकानं टिकतात.

खाण्याचं. शाकाहारी असाल तर भाजीतही ऑयस्टर सॉस किंवा फिश सॉस असतो, बेकरीच्या पदार्थांत चरबी असू शकते; दर वेळी विचारा. महामार्गाच्या पलीकडे, बारावी अव्हेन्यू आणि जॅक्सन स्ट्रीटच्या आसपास, 1975 नंतर आलेल्या व्हिएतनामी लोकांची लिटल सायगॉन ही वसाहत आहे. तिथे पाटीवर 'चाय' हा शब्द शोधा. तो आपला चहा नव्हे. व्हिएतनामीत त्याचा अर्थ शाकाहारी. टोफू घातलेला त्यांचा पाव आम्हा दोघांना इतका आवडला की लेकीसाठी बांधून घेतला. त्या चौकात रस्त्यावर राहणारी, व्यसनात अडकलेली माणसं दिसतील. आम्हाला कोणी त्रास दिला नाही, पण दिवसाउजेडीच जा आणि कोणाचे फोटो काढू नका.

पोचायला विमानतळाकडून येणारी लाइट रेल सगळ्यांत सोपी. इंटरनॅशनल डिस्ट्रिक्ट–चायनाटाउन स्थानकावर उतरलं की कमान समोरच आणि संग्रहालय सात-आठ मिनिटांवर, हलक्या चढाने. पासष्ट पूर्ण झालेल्यांना भाड्यात सवलत आहे, त्यासाठीचं कार्ड मुलांकडून आधी करून घ्या. साडी नेसणार असाल तरी पायात बूटच हवेत. पनामाकडचा चढ उभा आहे आणि पावसाने फुटपाथ निसरडे होतात. छत्रीपेक्षा टोपीचं जाकीट बरं. ज्यांचे गुडघे दुखतात त्यांनी बाग सोडून द्यावी आणि हिंग हे पार्कात बसावं. स्वच्छतागृह संग्रहालयातच वापरून निघा.

गाइड इंग्रजीतच बोलतात. ज्यांना अवघड वाटतं त्यांनी मुलांना किंवा नातवंडांना बरोबर घ्यावं. दुसऱ्या खेपेला मी नातवाला घेऊन गेले, तो नऊ वर्षांचा आहे. काचेतून बराच वेळ बघून त्याने विचारलं, "आजी, त्यांनी चावी कोणाकडे ठेवली असेल?"