काटवट आणि अभ्यासिका

आपल्या शाळेच्या त्या दोघी बहिणी मानवतहून पुण्याला गेल्या, तेव्हा खोली एकच होती, सदाशिव पेठेत. थोरली राज्यसेवेच्या अभ्यासाला बसली, धाकटी भाकऱ्या करून विकू लागली. थोरलीचा सत्कार शाळेत झाला. धाकटीचा राहिलाय, म्हणून आधी तिचं.

भाकरी आपल्याकडं घरोघरी होते, पण रोज दोनशे सारख्या उतरवणं निराळं. किलोभर पिठाच्या दहा-अकरा होतात, म्हणजे रोजचं 19 किलो पीठ. ज्वारी मालदांडी. दळण आठवड्यापुरतंच, पीठ जुनं झालं की विरी, म्हणजे धरून राहण्याचा गुण, जातो आणि थापताना कडा फाटतात. ज्वारीला गव्हासारखा चिकटपणा नाही, तो उन्हवणीनं आणावा लागतो. उकळतं पाणी पिठात ओतून उलथन्यानं हलवायचं, हाताला सोसवलं की काटवटीत रगडायचं, तेही दोन-तीन भाकऱ्यांपुरतंच, कारण मळून ठेवलेला गोळा कोरडा पडतो. तव्यावर टाकल्याबरोबर वरून पाण्याचा हात फिरवायचा. उशीर झाला की भाकरी तडकते, मग फुगत नाही.

पहिल्या तक्रारी मात्र डब्याच्या आल्या. गरम भाकऱ्या झाकल्या की वाफेचं पाणी सुटतं आणि तळातल्या दोघी-तिघींचा लगदा होतो. दुरडीत फडक्यावर पसरून, वाफ गेल्यावर बांधायला लागली तेव्हा गिऱ्हाईक टिकलं. धंद्याला घरगुती 14.2 किलोची टाकी चालत नाही, 19 किलोची व्यावसायिक घ्यावी लागते; शिवाय अन्नसुरक्षेची नोंदणी.

थोरलीचं थोडक्यात, ते छापून येतच असतं. पूर्वपरीक्षेचे दोन पेपर, 200-200 गुणांचे. दुसऱ्यात, आकलन-बुद्धिमापनाच्या सीसॅटमध्ये, 33 टक्केच लागतात म्हणून पोरं तो सोडून देतात आणि नेमकी तिथंच अडकतात. चुकलेल्या उत्तराला त्या प्रश्नाचे पाव गुण कापतात. तिच्या मुख्य परीक्षेच्या नोट्स मात्र कुणी मागू नका, त्या बहुपर्यायी प्रश्नांच्या जुन्या पद्धतीच्या. 2025 पासून उत्तरं लिहावी लागतात: 9 पेपर, त्यातले मराठी-इंग्रजी पात्रतेपुरते, बाकी 7 पेपरचे 1750 गुण. वाचण्याइतकाच वेळ घड्याळ लावून लिहिण्याला द्यावा.

अभ्यासिकेची फी चार वर्षं धाकटीच्या गल्ल्यातून गेली. ज्वारी अजूनही मानवतच्या मोंढ्यातून पोत्यानं जाते. दळण तेवढं पुण्यात.