ओम टेलोलेट ओम

इंडोनेशियात, जावा बेटावरच्या सेमारांग शहरातल्या गॅरेजबाहेर पोरं ‘ओम, ओम’ ओरडायला लागली तेव्हा पहिल्या दिवशी मला वाटलं, देवळाबिवळाचं काही असेल. तिकडे ‘ओम’ म्हणजे काका. डचांनी मागे ठेवलेला शब्द. ‘ओम टेलोलेट ओम’ म्हणजे ‘काका, वाजवा ना काका!’ टेलोलेट हा बसच्या गाणाऱ्या भोंग्याचा आवाज. रस्त्याकडेला पाट्या धरून भोंगा मागणाऱ्या जावातल्या पोरांचे व्हिडिओ डिसेंबर 2016 मध्ये असे पसरले, की झेड, मार्शमेलो अशा परदेशी डीजेंच्या पोस्टखाली लोक हेच तीन शब्द लिहीत सुटले.

मी पुण्याहून गेलेला एअर ब्रेकवाला, म्हणजे बसचे हवेच्या दाबावर चालणारे ब्रेक बघणारा. एप्रिल 2024, ईद आठवड्यावर आलेली. ईदला अख्खं जावा गावाकडे निघतं, त्याला मुदिक म्हणतात. आपली गणपतीची कोकणची गर्दी त्यापुढे काहीच नाही. त्याआधी बसगाड्या तपासायच्या होत्या. फिटर सगळे रोजे धरलेले, त्यामुळे मी पाणीसुद्धा स्टोअररूममध्ये जाऊन प्यायचो.

एका बसची तक्रार होती की गावातून गेल्यावर ब्रेक ढिला वाटतो. हायवेला मात्र ठणठणीत. कॉम्प्रेसर बरा, लायनिंग बरं. साबणाचं पाणी मारून सगळे जोड पाहिले, एक बुडबुडा नाही. दोन तास असेच गेले. मी बसखालच्या तपासणीच्या खड्ड्यात उभा, आणि बाहेर पोरांनी कल्ला केला. केबिनमधल्या ड्रायव्हरचा हात सवयीने बटणावर गेला. अख्खं गाणं वाजलं, आणि माझ्या डोक्यावरच्या एका नळीत सूं करून हवा धावली.

त्या नळीचा माग काढत गेलो तर ती थेट मागच्या ब्रेकच्या टाकीला टी-जॉइंट मारून जोडलेली! भोंग्याची हवा वेगळ्या टाकीतून घ्यायची असते, मधे व्हॉल्व्ह असतो, म्हणजे भोंगा कितीही वाजला तरी ब्रेकची हवा शाबूत राहते. इथे कुणीतरी जवळची टाकी बघून काम उरकलं होतं. इंजिन बंद ठेवून पुन्हा वाजवायला सांगितलं. आठ बारवरचा हवेच्या दाबाचा काटा गाणं संपेपर्यंत साडेपाचवर. गावातच का, ते कळलं. पोरं गावात असतात.

आधीच्याच महिन्यात, मार्चमध्ये, जावातल्याच मेराक बंदरात टेलोलेटच्या बसमागे धावताना पाच वर्षांचा एक मुलगा चाकाखाली गेला होता. वाहतूक मंत्रालयाने हे भोंगे लावू नका म्हणून सांगितलं होतं, आणि ब्रेकच्या हवेचं कारणही दिलं होतं. ड्रायव्हरला हे सगळं माहीत होतं. पन्नाशीचा, सज्जन माणूस. त्याने मोबाइल पुढे केला. बसवेड्या पोरांनी काढलेले त्याच्याच बसचे कितीतरी व्हिडिओ. म्हणाला, “पाक (तिकडे ‘पाक’ म्हणजे साहेब), नाही वाजवलं तर व्हिडिओत मी खडूस दिसतो.” यावर काय बोलणार? मला तर त्या गाण्याची चालही आवडली होती, हे मी बोललो नाही.

टी-जॉइंट काढला, टाकीला प्लग मारला. भोंग्याचे कर्णे त्याने जुन्या टॉवेलात गुंडाळून सामानाच्या कप्प्यात ठेवले. फेकले नाहीत.

संध्याकाळी बस फाटकातून निघाली. सात-आठ पोरं, मोबाइल वर धरलेले. ओम टेलोलेट ओम! त्याने स्टिअरिंगवरचा साधा हॉर्न दाबला. पीप.

पोरांनी त्याला जी काही हुर्यो केली!